त्या गाठोड्यात काय होतं?

सिनेमा मुका होता, तरी सव्वा-दीड तास माझ्या तोंडाला विश्रांती नव्हती.

जुलैतला रविवार. मी ठाण्याला आईकडे गेलेलो. बाहेर पाऊस कोसळत होता, केबल गेली होती आणि मालिकेचा भाग हुकल्यामुळे आई जरा कावली होती. मी लॅपटॉपवर यासुजिरो ओझू या जपानी दिग्दर्शकाचा १९३५ सालचा ‘तोक्यो नो यादो’ लावून बसलो होतो. यादो म्हणजे मुक्कामाची जागा. इथे ती पैसे देऊन पथारी टाकायची स्वस्तातली सराई आहे. आई मेथीची जुडी आणि ताट घेऊन शेजारी येऊन बसली. दोन मिनिटं पाहिलं आणि म्हणाली, “ही माणसं बोलत का नाहीत?”

“मूकपट आहे.”

“मग मधे मधे ते काय लिहून येतंय?”

येत होत्या जपानी पाट्या आणि त्यांच्या खाली इंग्रजी ओळी. आईला दोन्ही सारख्याच. मग मी वाचून दाखवायला लागलो. आधी नुसतं भाषांतर, मग हळूहळू बापाचा आवाज वेगळा, पोरांचा वेगळा. पंधरा मिनिटांनी माझं मलाच हसू आलं. कारण मी जे करत होतो त्याला जपानमध्ये रीतसर नाव होतं, आणि तो एक मानाचा धंदा होता.

बेन्शी म्हणत त्यांना. पडद्याच्या कडेला उभं राहून हा माणूस सगळ्या पात्रांचे आवाज काढायचा, कथा समजावून सांगायचा, मनात आलं तर पदरचंही घालायचा. लोक नटाच्या नावाइतकेच बेन्शीच्या नावावर तिकीट काढत. जपानमध्ये मूकपट खऱ्या अर्थाने मुका कधी नव्हताच, आणि म्हणूनच बोलपट तिथे सावकाश रुजला. आपल्याकडे १९३२ मध्ये ‘अयोध्येचा राजा’ मराठीत बोलू लागला होता. ओझू १९३५ मध्येही पाट्यांवरच काम भागवत होता. त्याच्या शोचिकू कंपनीने १९३१ मध्येच बोलपट काढला होता, तेव्हा सोय नव्हती असं नाही. पण ओझूचा छायालेखक हिदेओ शिगेहारा स्वतःची ध्वनियंत्रणा बनवत होता आणि ओझूने त्याला शब्द दिला होता की माझा पहिला बोलपट तुझ्याच यंत्रावर. तो शब्द त्याने १९३६ पर्यंत पाळला. दरम्यान बेन्शींची रोजी जात होती. पुढे दिग्दर्शक म्हणून गाजलेल्या अकिरा कुरोसावाचा थोरला भाऊ बेन्शी होता. १९३३ मध्ये त्याने आत्महत्या केली. सिनेमातली बेकारी पाहताना हे डोक्यात असलं की पडद्याच्या कडेची ती रिकामी झालेली जागाही दिसायला लागते.

तर गोष्ट. किहाची नावाचा एक माणूस, त्याची दोन पोरं, झेन्को आणि शोको. तिघं एका ओसाड, सपाट माळावरच्या रस्त्याने चालतायत. तारांचे खांब, लांबवर गॅसची टाकी, कारखाने, आणि मधेच तारा गुंडाळायची पुरुषभर उंचीची लाकडी चाकं नुसती पडलेली. हा टोकियोचा पूर्वेकडचा, सुमिदा नदीपलीकडचा सखल भाग. ओझूचा जन्म त्याच बाजूच्या फुकागावातला, १९०३ चा. १९२३ च्या भूकंपात हा सगळा भाग जळून गेला होता. किहाची कारखान्याच्या फाटकाशी जातो, पोरं बाहेर थांबतात, तो परत येतो. तोंड बघूनच पोरांना कळतं.

“काय काम करतो हा?” आईने विचारलं.

“लेथवर.”

आईचा हात मेथीच्या देठावर थांबला. “म्हणजे टर्नर?”

“टर्नर.”

“हं,” म्हणाली, आणि ताट जरा बाजूला सरकवलं.

माझे वडील टर्नर होते. वागळे इस्टेटमधल्या एका शेडमध्ये अकरा वर्षं त्यांनी लेथ, म्हणजे धातू कातायचं यंत्र, चालवला. नव्वदच्या दशकात तिथली युनिटं एकेक करून बंद पडत गेली, त्यात तीही गेली. त्यानंतरचे सात-आठ महिने बाबा रोज सकाळी काळी रेक्झिनची पिशवी घेऊन निघायचे. पिशवीत मापं घ्यायचा लाकडी पेटीतला व्हर्निअर, फ्लॅनेलच्या तुकड्यात गुंडाळलेला मायक्रोमीटर आणि स्वतः घासून ठेवलेली चार-पाच टूल्स. ट्रायल घेतली तर दुसऱ्याच्या टूलवर हात बसत नाही म्हणून. पिशवीला कूलंटचा वास होता. तो कधी गेलाच नाही. फाटकांवर पाट्या असायच्या, ‘पाहिजेत : टर्नर, फिटर, हेल्पर’. पण पाटी काढायची राहून गेलेली असायची, नाहीतर तिशीच्या आतला हवा असायचा.

एकदा सुट्टीत मी हट्टाने त्यांच्याबरोबर गेलो होतो. त्यांनी मला टपरीवर बसवलं, चहावाल्याला “जरा लक्ष ठेवा” म्हणाले आणि वॉचमनशी बोलायला गेले. जाताना पिशवी मात्र बरोबर नेली. आठ मिनिटांत परत आले. “उद्या बोलावलंय,” म्हणाले. मला ते खरं वाटलं. खरं म्हणजे त्या रविवारपर्यंत मला ते खरंच वाटत होतं. आईला सहज सांगितलं तर ती पडद्यावरची नजर न काढता म्हणाली, “कुणी बोलावलं नव्हतं.”

किहाचीची पोरं मात्र फसत नाहीत. उलट तीच बापाची समजूत घालतात की उद्या होईल काहीतरी. थोरला झेन्को म्हणजे तोमिओ आओकी हा बालनट. ओझूच्या मूकपटांत तो लहानपणापासून दिसतो, गोल चेहऱ्याचा, कधीही खोडी काढील असा. इथे तो बाराएक वर्षांचा आहे, आणि त्या चेहऱ्यावर खोडी आणि काळजी एकत्र नांदतात. बाप झालेला ताकेशी साकामोतो हाही ओझूचा ठरलेला माणूस. किहाची हे नाव तो इतर चित्रपटांतही लावतो, पण प्रत्येक वेळी माणूस निराळा असतो. एकदा दारूच्या कारखान्यातला मजूर, एकदा फिरत्या नाटक मंडळीचा मालक. हातात पैसा टिकत नाही आणि जिभेला हाड नाही, एवढंच कायम.

तिघांचं पोट चालतं ते कुत्र्यांवर. रेबीजच्या मोहिमेत भटकं कुत्रं पकडून दिलं की चाळीस सेन मिळतात. शंभर सेनचा एक येन. त्यामुळे रस्त्यात कुत्रं दिसलं की पोरांना कुत्रं दिसत नाही, चाळीस सेन पळताना दिसतात. ‘चाळीस सेन!’ अशी पाटी आली की मी ओरडायचो, आणि आई दर वेळी हसायची. गरिबीवरच्या सिनेमात इतकं हसू येतं याचा मला पहिल्यांदा पाहताना संकोच वाटला होता. आईला अजिबात वाटला नाही.

मग झेन्को त्या पैशांतून टोपी विकत घेतो. दुसऱ्या एका पोराच्या डोक्यावर तसली ऐटबाज टोपी त्याने पाहिलेली असते. त्या टोपीत रात्रीची सोय गेली, बाप भडकतो. आई आधी म्हणाली, “गाढव आहे कार्टं.” मग थोडं थांबून, “पण शोभते.”

आणि मग ते गाठोडं. तिघांचा सगळा संसार एका गाठोड्यात बांधलेला. बाप कामाच्या चौकशीला गेला की ते पोरांनी सांभाळायचं. दोघांची जुंपते, तू उचल की मी. शेवटी दोघंही हट्टाला पेटून ते रस्त्यावर तसंच टाकून चालायला लागतात. प्रत्येकाला खात्री, की दुसरा मागे वळेल. कुणीच वळत नाही. पुन्हा येऊन पाहतात तर गाठोडं नाही. ओझूचा कॅमेरा नेहमीप्रमाणे जमिनीलगत, त्यामुळे तो मोकळा रस्ता फार लांबलचक दिसतो.

आईने विचारलं, “काय होतं त्यात?”

“कशात?”

“गाठोड्यात.”

मी म्हटलं, दाखवलेलं नाही. तिला ते पटेना. मागे घे, म्हणाली. मागे घेतलं. गाठोडं फक्त बाहेरून दिसतं, गाठ मारलेलं. “एखादं पांघरूण असणार,” आई मोजू लागली. “पोरांचा एकेक जोड. वाडगे. आणि ह्यांची आई कुठे दिसत नाही, म्हणजे तिचंही काहीतरी असेल. फणीबिणी.”

मी हा प्रसंग तीनदा पाहिला होता. त्यावर टिपणंही काढली होती. कॅमेऱ्याची उंची, दोन भावांमधलं अंतर, काय काय. गाठोड्यात काय होतं हा प्रश्न मला एकदाही पडला नव्हता. चार वेळा बिऱ्हाड हलवलेल्या बाईला तो आधी पडतो. ओझूचे कितीतरी मूकपट आज उरलेले नाहीत. आपल्याकडचा बाबूराव पेंटरांचा १९२५ चा ‘सावकारी पाश’ही नाही, कर्जात जमीन गेलेल्या शेतकऱ्याची गोष्ट, शेतकऱ्याच्या भूमिकेत व्ही. शांताराम. त्यांची नावं आणि गोष्टी आपण लिहून ठेवल्यात. पण कुठल्या घरात चूल कुठल्या कोपऱ्यात होती, पोराच्या अंगात काय होतं, हे ती फीत गेली तेव्हाच गेलं. गाठ बाहेरून ठाऊक, आतलं नाही.

आता ज्या प्रसंगासाठी मी हा सिनेमा पुन्हा पुन्हा काढतो तो. एका दुपारी तिघं माळावर गवतात बसलेत. खिशात काही नाही, पोटात काही नाही. झेन्को बापाला विचारतो, घेणार का थोडी? आणि रिकाम्या हातातल्या नसलेल्या बाटलीतून नसलेल्या पेल्यात साके ओततो. किहाची क्षणभर बघतो आणि पेला तोंडाला लावतो. अगदी चवीने. पुन्हा पुढे करतो. पोरगा पुन्हा ओततो. त्या साध्या हवेतही साकामोतो असा पितो, की घोट कुठवर उतरला ते गळ्यावर दिसतं. मग जेवण. भात वाढला जातो, तोही हवेतला, आणि धाकटाही सामील होतो. कुणाच्या डोळ्यांत पाणी नाही. ओझू घाई करत नाही, पेल्यांमागून पेले होऊ देतो. तिघं खरंच खुशीत येतात, आणि पाहणाऱ्यालाच आवंढा गिळवत नाही.

मी त्या भागात वाचायचं थांबलो होतो. पाट्या येत होत्या, पण आई हातानेच म्हणाली, राहू दे, कळतंय. बऱ्याच वेळाने म्हणाली, “पोराने बापाला आधी दारू पाजली बघ. स्वतःला भूक लागलेली असून.”

हे माझ्या टिपणांत नव्हतं. मी त्याला ‘कल्पनेतलं जेवण’ म्हणत आलो होतो, आणि जेवण म्हटल्यावर सुरुवातीचा पेला माझ्या हिशेबातच आला नव्हता. झेन्को आधी बापाला बाप करतो. संध्याकाळी कामावरून आलेला, पोराने पुढे ठेवलेला पेला उचलणारा, घरधनी. मग त्या बापाने वाढलेला भात पोरांना खाता येतो.

पुढे खरे पैसे थोडे हातात असतात आणि प्रश्न येतो, जेवायचं की सराईत झोपायचं? दोन्ही होणार नाही. पोरं जेवण निवडतात. जेवून बाहेर पडतात आणि पाऊस येतो. एवढंच. यात कुणी खलनायक नाही, सावकार नाही, मुकादम नाही. गणित बरोबर सोडवलं तरी उत्तर चुकतं. सोन्याच्या चलनाचा हट्ट धरून १९३० मध्ये जपान जगाच्या मंदीत सापडला, १९३१ च्या डिसेंबरात त्यातून सुटला. १९३५ पर्यंत लष्करी खर्चाच्या जोरावर कारखाने पुन्हा जोरात होते. आकड्यांच्या हिशेबाने वाईट दिवस सरले होते. किहाची त्या आकड्यांच्या फाटकाबाहेर उभा आहे.

यानंतर ओत्सुने येते. किहाचीच्या जुन्या ओळखीची, खाणावळ चालवणारी. चोको इइदा या नटीने तिला उभं केलंय, थोराड, फटकळ, दिसायला मुळीच देखणी नाही. ती तिघांना आसरा देते, किहाचीला काम बघून देते, पोरं शाळेत जाऊ लागतात. आईचा चेहरा खुलला. “ही खरी बाई.”

मला कारण ठाऊक होतं. बाबांच्या त्या सात-आठ महिन्यांत आई पहाटे चारला उठून पोळ्या लाटायची. जवळच्या मेसला साठ-सत्तर, सणावारी शंभरही. चाळीत ‘ह्यांचं काम सुटलंय’ हे सगळ्यांना माहीत होतं, पण आमच्या घरी पोळ्यांचा विषय ‘हौस’ म्हणून निघायचा. बाबा निघायच्या आधी तिच्या पोळ्यांचा डबा मेसवर पोचवून यायचे आणि मग पिशवी उचलायचे. त्यांची पिशवी मला लख्ख आठवते. आईचा तो डबा कसला होता, किती मोठा होता, आठवत नाही.

गोष्टीत आणखी एक बाई आहे, ओताका, लहान मुलगी घेऊन कामाच्या शोधात फिरणारी. तिला या तिघांइतकाही आधार नाही. योशिको ओकादाने ती केली आहे आणि पडद्यावर ती जरा जास्तच सुंदर दिसते, एवढी माझी तक्रार. या नटीचं पुढचं आयुष्य कुठल्याही पटकथेला लाजवील. १९३८ च्या जानेवारीत ती एका नाट्यदिग्दर्शकाबरोबर साखालिनच्या बर्फातून सीमा ओलांडून सोव्हिएत हद्दीत गेली. त्याला गोळी घातली गेली, तिची वर्षं कैदेत गेली. मायदेशी पाऊल टाकायला तिला १९७२ साल उजाडलं.

ओताकाची मुलगी आजारी पडते, हगवण लागते, रुग्णालयात ठेवावी लागते. पैशासाठी ओताका दारूच्या गुत्त्यात कामाला लागते. किहाची ओत्सुनेकडे पैसे मागतो, ती देत नाही. “बरोबर आहे,” आई म्हणाली. “किती वेळा द्यायचे?” मग किहाची चोरी करतो. पैसे पोरांच्या हाती ओताकाकडे पाठवतो, ओत्सुनेला सांगतो की माझ्या पोरांकडे बघ, आणि स्वतःच्या पायांनी पोलिसांच्या वाटेला लागतो.

लोक इथे १९४८ च्या ‘बायसिकल थीव्ह्ज’ या इटालियन सिनेमाशी तुलना करतात. करोत. तिथे बाप पकडला जातो. इथे तो आपण होऊन जातो, आणि मला हा फरक साधर्म्यापेक्षा मोठा वाटतो. मी आईला माझं लाडकं मत ऐकवलं. म्हटलं, हे प्रेमाबिमासाठी नाही. सगळा सिनेमाभर ह्या माणसाला दुसऱ्यांनी दिलंय. पोरांनी नसलेला पेला दिला, ओत्सुनेने असलेला भात दिला. पहिल्यांदाच त्याच्याहून रिकाम्या हाताचं कुणीतरी भेटलं. त्याला एकदा देणारा व्हायचं होतं.

आईने निवडलेली मेथी चाळणीत टाकली. “व्हायचं होतं ना. आणि पोरं?”

“पोरं ओत्सुनेकडे.”

“तेच म्हणते. देणारा हा, आणि सांभाळणारी ती. तिला कुणी विचारलं?”

माझ्याकडे उत्तर नव्हतं. सिनेमाकडेही नाही, असं मला आता वाटतं. पण निदान ओझूने ओत्सुनेचा चेहरा पुरेसा वेळ दाखवलाय. पुढच्याच वर्षी, त्या शिगेहाराच्या यंत्रावर काढलेल्या पहिल्या बोलपटात, त्याने इइदालाच मध्यभागी आणलं, मुलाच्या शिक्षणासाठी रेशमाच्या गिरणीत राबणारी आई म्हणून. आईचा प्रश्न त्यालाही पडला असेल का कोण जाणे.

शेवटी किहाची अंधारात चालत जातो आणि एक पाटी येते. अशा रीतीने एक आत्मा वाचला, या अर्थाची. ‘आत्मा’ मराठीत कीर्तनासारखं वाटलं, म्हणून मी वाचताना म्हटलं, “अशा रीतीने एक जीव वाचला.”

“वाचली ना?” आई एकदम म्हणाली. “त्या ओताकाची पोर?”

माझ्या लक्षात आलं की शब्द बदलताना मी घोळ करून ठेवला होता. पाटी किहाचीबद्दल असावी. निदान पुस्तकी अर्थ तोच. दुरुस्त करायला तोंड उघडलं, तर आई चाळणी घेऊन उठली होती. गरीब लेकराची चिंता मिटल्यासारखी स्वयंपाकघरात गेली, नळ सोडला. बेन्शी पदरचं घालायचे, ते मी वर सांगितलंच आहे.

“हो,” मी म्हटलं. “वाचली.”

आतून आवाज आला, “आणि बाबांची ती पिशवी माळ्यावर आहे, जाताना बघून जा. व्हर्निअरला गंज चढला असेल.”